कांदेवाला, नांगऱ्या आणि पवळीबाई

मास्तरकीच्या पंचवीस वर्षांत मी लाल शाईनं किती पेपरांवर ‘उत्तम’ लिहिलं असेल, सांगता येणार नाही. हात सैल होता माझा. विद्यार्थी पेठ-सुरगाण्याच्या डोंगरातून यायचे, देवळ्या-सटाण्याकडून यायचे. कुणी सातवी शिकलेला, कुणी दहावीला दोनदा आपटलेला. ‘उत्तम’ वाचून त्यांचा चेहरा जसा व्हायचा, तो बघायला मला आवडायचं. त्यातलं एकच ‘उत्तम’ मी पुढं परत मागितलं, आणि ते मला तेव्हा मिळालं नाही. आज निवृत्तीनंतर इतक्या वर्षांनी, ते मिळालं नाही याबद्दल मी देवाचे आभार मानतो. ती हकिकत सांगायची म्हणून हा लेख. पण आधी माझं काम काय होतं ते सांगायला हवं, कारण आमच्या गल्लीतल्या लोकांनाही ते शेवटपर्यंत नीट कळलं नाही.

मी ख्रिस्ती धर्मसेवकांना शिकवत होतो. नाशकात एका जुन्या चर्चच्या मागं, कडुनिंबाच्या सावलीत कौलारू दोन खोल्या, एक स्वयंपाकघर आणि कायम गळणारा एक नळ, एवढंच आमचं प्रशिक्षण केंद्र. वर्षाला वीस-बावीस जण यायचे, दहा महिने राहायचे आणि मग गावी जाऊन तिथल्या छोट्याशा मंडळीला रविवारी उपदेश करायचे, आजाऱ्यांजवळ बसायचे, भांडणं मिटवायचे. बाकीचे शिक्षक त्यांना शास्त्र, म्हणजे आमचा धर्मग्रंथ, शिकवत. माझा विषय जरा आडवळणाचा होता. तेच शास्त्र आपल्याआधी दोन हजार वर्षं कोणकोणत्या विचारवंतांनी वाचलं, एकाच ओळीचे त्यांनी काय काय अर्थ लावले, कुठं भांडले, कुठं साफ चुकले, हे मी सांगायचो. शेजारचे काका विचारायचे, “म्हणजे तुम्ही पोथी सांगता?” मी म्हणायचो, “नाही हो, पोथी सांगणाऱ्यांची पोथी सांगतो.” ते मान हलवायचे आणि पाण्याची मोटर चालू करायला निघून जायचे.

या विषयाची गरज काय, असं आमच्या कमिटीतसुद्धा दर दोन वर्षांनी कुणीतरी विचारायचंच. म्हणून मी पहिल्याच तासाला एक पोस्टकार्ड घेऊन जायचो. पिवळं पडलेलं, माझ्या आजोबांनी माझ्या वडलांना पाठवलेलं. त्यावर एवढंच लिहिलं होतं: ‘म्हैस विकू नये. मी येतो आहे.’ ते मी वाचून दाखवायचो आणि विचारायचो, याचा अर्थ काय? मग वर्गात धमाल उडायची. एक म्हणायचा, म्हैस विकणं पाप आहे. दुसरा म्हणायचा, म्हैस म्हणजे आपला आत्मा, तो सैतानाला विकायचा नाही. तिसरा ‘मी येतो आहे’ ऐकताच थेट प्रभूच्या दुसऱ्या येण्यावर जायचा. एका वर्षी देवळ्याचे निंबाआप्पा वर्गात होते. पन्नाशीचा गडी, दोन एकर कांदा मुलांवर सोपवून शिकायला आलेला. सगळ्यांचं ऐकून घेतलं आणि शांतपणे म्हणाले, “सर, म्हैस कोनी शे, ते पह्यले सांगा.”

मी त्यांना मिठीच मारायची बाकी ठेवली. म्हैस कुणाची, पत्र कुणी कुणाला लिहिलं, तेव्हा घरात काय चाललं होतं, हे विचारणं म्हणजेच माझा विषय. निम्मं वर्ष घालवून मला जे सांगायचं असायचं ते आप्पांनी एका वाक्यात उरकलं होतं. वर पुन्हा गंमत अशी की आप्पांनी विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर मलाही पूर्ण माहीत नव्हतं. आजोबा का येत होते ते वडलांनी कधी सांगितलं नाही.

आता अडचण होती ती नावांची. जुन्या विचारवंतांची ग्रीक, लॅटिन, जर्मन नावं माझ्या विद्यार्थ्यांच्या जिभेवर टिकायची नाहीत. त्यांनी मग आपली नावं ठेवली, आणि ती पिढ्यानपिढ्या पुढच्या वर्गाकडं जात राहिली. इजिप्तच्या किनाऱ्यावर एक पंडित होऊन गेला. त्याचं म्हणणं, शास्त्राच्या ओळीला शरीर असतं, आत मन असतं आणि त्याच्याही आत आत्मा असतो. वरचं सोला, आत जा. निंबाआप्पा म्हणाले, “हाऊ तं कांदा सोलणारा शे. एक पापुद्रा काढा, का दुसरा तयार.” त्या दिवसापासून तो कांदेवाला. त्याच्या विरुद्ध बाजूला सीरियाकडची मंडळी होती. ती म्हणत, बाबांनो, लिहिणाऱ्यानं जे म्हटलं ते आधी सरळ वाचा, उगाच आतबाहेर करू नका. ते झाले नांगऱ्या, कारण त्यांचं तास, म्हणजे नांगराची रेघ, सरळ. मधल्या काळात युरोपातल्या मठांमध्ये प्रत्येक ओळीचे चार अर्थ काढायची पद्धत पडली: घडलं काय, मानायचं काय, वागायचं कसं आणि शेवटी मिळणार काय. हे मी फळ्यावर काढत होतो तेव्हा ओझरच्या विमान कारखान्यातला एक फिटर, शनिवारच्या वर्गाला यायचा, तो म्हणाला, “सर, हे आमच्या ड्रॉइंगसारखं आहे. एकाच पार्टचा वरून व्ह्यू, समोरून व्ह्यू, बाजूनं व्ह्यू. तिन्ही जुळले तरच पार्ट बनवायचा, नाहीतर स्क्रॅप.” इतकं चोख मला कुणी समजावून दिलं नव्हतं. अलीकडच्या दोनशे वर्षांतले प्राध्यापक, जे प्रत्येक ओळीखाली कुणी लिहिली, कधी लिहिली, मागाहून कुणी घातली हे शोधतात, त्यांना वर्गानं ‘पंचनामेवाले’ म्हणून टाकलं. पहिल्यांदा सगळे त्यांच्यावर रागावायचे. वर्ष संपेपर्यंत निम्मे जण त्यांच्यासारखेच प्रश्न विचारायला लागायचे, आणि मग कमिटी माझ्यावर रागवायची.

वर्गाबाहेरची गिऱ्हाइकंही यायची. सायखेड्याचे एक बागायतदार नव्याण्णव साली आले. हातात वही, वहीत आकडे. गावात कुणी प्रचारक येऊन सांगून गेला होता की शास्त्रातल्या आकड्यांवरून जगाचा शेवट पुढच्या वर्षी ठरलेला आहे.

“सर, खरं सांगा. शेवट हाय का नाय?”

“तुम्हाला कशाला एवढी घाई?”

“द्राक्षाची लागण करायचीय. माल धरायला दोन वरीस. तवर जगच नाय ऱ्हायलं तर?”

मी त्यांना चहा दिला आणि सांगितलं की जवळजवळ प्रत्येक शतकात कुणी ना कुणी हेच गणित मांडलंय. मोठमोठी शहाणी माणसं त्यात होती. ठरलेला दिवस उजाडला, मावळला, आणि दुसऱ्या दिवशी त्यांना गाईची धार काढावीच लागली. शास्त्रातच म्हटलंय की तो दिवस कुणाला ठाऊक नाही. त्यांनी वही मिटली. “मंग लावू?” “लावा.” दोन हजार साल लागलं त्या सकाळी त्यांचा फोन आला. “सर, हाय का जग?” म्हटलं, आहे. “मंग बागंला पाणी सोडतो.” आजही फेब्रुवारी-मार्चमध्ये त्यांच्याकडून द्राक्षं येतात. माझी बायको म्हणते, तुमच्या विद्वत्तेचं हे एकच फळ घरापर्यंत पोहोचलं.

पण मला सांगायचंय जयरामबद्दल. तो या बागायतदाराच्या काही वर्षं आधीचा. सुरगाण्याच्या डोंगरातला, कोकणा आदिवासी घरातला, तिशीचा तरुण. वडील लहानपणी गेलेले. आई पवळीबाईनं दुसऱ्यांच्या बांधावर राबून दोन मुलं वाढवली, थोरला मोतीराम आणि हा. जयराम चार-पाच वर्षांपूर्वी ख्रिस्ती झाला होता. आईनं विरोध केला नव्हता. तो प्रार्थनेला जायचा आणि घरी येऊन आईच्या हातची भाकरी खायचा.

वर्गात तो सगळ्यात मन लावून ऐकायचा. त्याचा आवडता विचारवंत होता उत्तर आफ्रिकेतला एक बिशप. या बिशपची आई त्याच्यासाठी वर्षानुवर्षं रडत, प्रार्थना करत राहिली होती, म्हणून जयरामनं त्याला नाव ठेवलं ‘आईवाला’. त्या बिशपनं एक नियम घालून दिला होता. शास्त्राचा तुम्ही काढलेला अर्थ कितीही हुशारीचा असो, त्यानं देवावरची आणि शेजाऱ्यावरची माया वाढत नसेल तर तुम्हाला ती ओळ अजून कळलेलीच नाही. जयरामनं ते वहीत लिहून खाली दोन रेघा मारल्या होत्या. रेघा मी पाहिल्या होत्या.

वार्षिक परीक्षेत मी प्रश्न घातला: मूर्तीपुढं ठेवलेल्या अन्नाविषयी प्रेषितानं करिंथ गावच्या मंडळीला काय लिहिलं? आपल्या गावचं उदाहरण देऊन लिहा. प्रश्न अवघड होता. प्रेषितानं, म्हणजे प्रभूच्या पहिल्या प्रचारकांपैकी एकानं, त्या पत्रात एकीकडं म्हटलंय की मूर्ती काही नाही, तेव्हा अन्नात काही नाही. दुसरीकडं म्हटलंय की तुझ्या खाण्यानं एखाद्या कच्च्या मनाच्या भावाला ठेच लागत असेल तर खाऊ नको. आणि या सगळ्याच्या आधी म्हटलंय की ज्ञानानं माणूस फुगतो, प्रेमानं माणूस उभारला जातो. बहुतेकांनी उदाहरणाचा भाग गाळला. जयरामनं मात्र सुवाच्य अक्षरात लिहिलं होतं. आमच्याकडं नवं पीक आलं की पहिल्यांदा कणसरीला, म्हणजे धान्याच्या देवीला दाखवतात आणि मगच घरात ‘नवं’ खातात. घरातला दाणा न् दाणा असा दाखवलेला असतो. म्हणून मी या वर्षापासून त्या घरात अन्नपाणी घेणार नाही असं ठरवलं आहे.

बावीस पेपरांचा गठ्ठा होता, दुपार होती, पंखा बंद होता. गावचं उदाहरण बघून मला बरं वाटलं. प्रेमाबद्दलचा भाग त्याच्या उत्तरात नव्हता, तो मी हेरला. आणि मग मी काय केलं? दहापैकी नऊ दिले. प्रेमाचा भाग सुटला म्हणून एक मार्क कापला. खाली लिहिलं, ‘उत्तम. भूमिका स्पष्ट.’ पुढचा पेपर घेतला.

मी उत्तर तपासलं होतं. एक माणूस आपल्या आईच्या घरचं पाणी सोडतोय, हे मी वाचलंच नव्हतं. परीक्षकाच्या नजरेला ओळ दिसते, ओळीमागचं घर दिसत नाही. हा आमच्या धंद्याचा जुना रोग आहे आणि मला तो चांगलाच जडला होता.

आमच्या कामात विद्यार्थ्यांच्या गावी जाऊन त्यांचं काम बघणंही होतं. जयरामच्या गावाला जायचं मी दोन वर्षं टाळलं. नाशिकहून सुरगाण्याची एसटी, तिथून जीप, मग दीड तास चालणं. तिसऱ्या वर्षी नोव्हेंबरअखेर गेलो. कारवीच्या कुडाच्या झोपडीत त्याची अकरा घरांची मंडळी बसली होती. उपदेश त्यानं फार सुंदर केला. नांगऱ्या आला, कांदेवाला आला, लोक हसले, दोन म्हाताऱ्यांनी डोळे पुसले. मी छाती फुगवून बसलो होतो.

नंतर तो मला गाव दाखवायला निघाला. तीनशे पावलांवर त्याचं जुनं घर; तो बायकोला घेऊन आता वेगळा राहत होता. आई तिथंच मोतीरामकडं राहायची. ती अंगणात नागली, म्हणजे नाचणी, वाळवत होती. बारीक, काळीसावळी, कपाळावर गोंदण. मला बघून हात जोडले, खाट टाकली आणि बाहेर निघून गेली. बऱ्याच वेळानं आली ती एका हातात ग्लुकोज बिस्किटांचा पुडा आणि दुसऱ्या हातात चहाचा गिलास घेऊन.

“घ्या सर. दुकानातला हाय, फोडला नाय. चहाबी आमचा नाय. शांताच्या घरचा हाय, तुमच्यातल्या.”

मला काही उमगेना. म्हटलं, बाई, घर सोडून दुसऱ्याच्या घरचा चहा कशाला? तिनं जयरामकडं पाहिलं. जयराम जमिनीकडं बघत होता. उत्तर मोतीरामनं दिलं, दारातूनच.

“तुमीच लिवलंय ना सर? लाल शाईनं. कागद आणून दावला यानं आमाला. नाशिकच्या सरानं उत्तम लिवलंय म्हनला, वाच. वाचला मी. त्या दिसापासून हा आमच्या घरचं पानी पीत नाय. छपराला कौलं चढवून देतो, आयेची लाकडं फोडून देतो, आन् तहान लागली का नदीवर जातो.”

तीन वर्षं एक आई आणि एक मुलगा एका हाकेच्या अंतरावर राहत होते आणि त्यांच्यामध्ये माझी सही होती.

मी म्हटलं, मला तुमच्या घरची भाकरी द्या. जयराम एकदम म्हणाला, “सर, नवं खाऊन झालंय. घरातली समदी नागली दावलेली हाय.” आता माझी पंचाईत बघा. खाल्ली नाही तर या बाईचा अपमान, तोही माझ्याच अक्षरातला. खाल्ली तर तीन वर्षं ज्यानं माझ्या शब्दावर तहान मारली त्या मुलाच्या मनाला त्याच्याच समोर तुडवणं, आणि ते करू नये असं त्याच पत्रात लिहिलेलं, मीच शिकवलेलं. दोन हजार वर्षांचे सगळे पंडित माझ्या डोक्यात एकाच वेळी बोलायला लागले. आणि मी, देवा मला क्षमा कर, त्या अंगणात तास घ्यायला सुरुवात केली. पहिल्या शतकांत मंडळी याबाबतीत फार कडक होती, पण प्रेषिताचं म्हणणं जरा वेगळं होतं, पुढं काहींनी असा अर्थ लावला, तर काहींनी तसा.

पवळीबाईनं सगळं शांतपणे ऐकून घेतलं. मी श्वास घ्यायला थांबलो तेव्हा म्हणाली, “तुमचं झालं का सर?”

म्हटलं, झालं.

ती आत गेली. माळ्यावर काहीतरी सरकल्याचा आवाज आला. बाहेर आली तेव्हा तिच्या कडेवर एक मडकं होतं, तोंडाला जुन्या लुगड्याचा तुकडा बांधलेला. माझ्यापुढं ठेवून तिनं गाठ सोडली. आत नागली होती, गळ्यापर्यंत.

“ही जयरामाची. तीन वरसांची. नवं खायच्या आधी काढून ठेवती. कुनाला दावलेली नाय.”

मोतीराम दारातून खाली उतरला. “आये, दावायच्या आधी काढली?” त्याचा चेहरा उतरला होता. मला नंतर कळलं की त्यांच्या रीतीत कणसरीच्या आधी घरात कुणी एक दाणासुद्धा वेगळा काढत नाही. तिनं मुलाचा नियम पाळायला आपला मोडला होता, दर वर्षी, एकटीनं.

“तिला सांगून काढली,” पवळीबाई म्हणाली. “म्हटलं, आई, एवढी तुझी नाय, माझ्या पोऱ्याची. तिलाबी लेकरं हायत. तिला कळतं.”

जयराम खाली बसला. “मला सांगितलं का नाय?”

“तू इचारलं कधी? तू तं कागद दावला.”

मग तिनं मडक्यात कोपरापर्यंत हात घातला आणि घडी घातलेला तो कागद बाहेर काढला. नागलीला वर्षानुवर्षं कीड लागत नाही, तशी त्या कागदालाही लागली नव्हती. माझे नऊ, माझं ‘उत्तम’, सगळं ताजं. मी हात पुढं केला. म्हटलं, बाई, तो मला परत द्या, मी चूक लिहिलंय, दुरुस्त करून देतो. तिनं कागद छातीशी धरला.

“नाय द्यायची. पोऱ्या पास झालाय त्याच्यात.”

“तुम्हाला ठाऊक आहे त्यात काय लिहिलंय?”

“ठाव हाय. मोतीरामानं वाचून दावलं. तरी पास झालाय ना?” आणि जयरामकडं वळून, “किती मिळालं रं?”

“धापैकी नऊ.”

“एक कशाचा कापला?”

जयराम माझ्याकडं बघत राहिला. पेपर परत देताना कारण मी त्याला सांगितलं होतं, अगदी सहज. शेवटी तोच आईला म्हणाला, “माया करायचं लिवायचं ऱ्हायलं, त्याचा.”

“मंग आता जेव,” पवळीबाई म्हणाली.

तिनं जातं झाडलं. मडक्यातली तीन वर्षांची नागली मूठ मूठ करून दळली, जयरामच्या बायकोला हाक मारून बोलावलं, चूल पेटवली. काळसर, जाड, गरम भाकरी आणि खुरासणीची चटणी. जयराम पहिला घास तोंडात घालून कितीतरी वेळ चावत बसला होता. मोतीराम लांब बसून खात होता तो हळूहळू सरकत भावाच्या शेजारी आला. मला रडू आलं आणि मी ते चटणीच्या तिखटावर ढकललं. पवळीबाईनं पाण्याचा तांब्या पुढं केला, आपल्या घरचा.

परतीच्या एसटीत मला त्या आफ्रिकेतल्या बिशपच्या आईची दुसरी एक गोष्ट आठवली. ती आपल्या गावच्या रीतीप्रमाणं साधुसंतांच्या कबरींवर पेज आणि भाकरी घेऊन जायची. परक्या शहरात तिथल्या बिशपनं मनाई केली, आणि तिनं गुमान टोपली खाली ठेवली. हे मी दर वर्षी माहिती म्हणून सांगत आलो होतो. टोपली खाली ठेवताना त्या बाईला काय वाटलं असेल, हा प्रश्न मी एकदाही वर्गात विचारला नव्हता.

त्यानंतर माझ्या तासात बदल झाला. सगळे पंडित शिकवून झाले, कांदेवाला, नांगऱ्या, आईवाला, ड्रॉइंगवाले, पंचनामेवाले, की यादीच्या शेवटी मी फळ्यावर लिहायचो: पवळीबाई. आणि मडक्याची गोष्ट सांगायचो. उदाहरणादाखल गावची गोष्ट लिहा असा प्रश्न मी पुन्हा सहसा घातला नाही. घातला तर उत्तर वाचून आधी त्या माणसाला बोलावून घ्यायचो. माझं तपासणं त्यामुळं फार लांबायला लागलं. एका वर्षी बाहेरगावचे परीक्षक आले. फार काटेकोर गृहस्थ. दुसऱ्या दिवशी त्यांनी मला बाजूला घेतलं. म्हणाले, “बाकी ठीक, पण चौदा जणांनी अर्थ लावणाऱ्या थोर व्यक्तींत पवळीबाई असं नाव दिलंय. कोणत्या शतकातली? तिचं लेखन कुठं मिळेल?” मी म्हटलं, “लेखन नाही, सर. मडकं आहे.” त्यांनी वरिष्ठांकडं तक्रार केली. ती कमिटीपुढं आली तेव्हा जयराम कमिटीवर होता, त्यामुळं पुढं काही झालं नाही.

जयराम आजही तिथंच उपदेश करतो. मंडळीत आता चाळीसेक घरं आहेत. त्यातल्या प्रत्येकाला तो सांगतो की घरच्यांशी बोलल्याशिवाय घरचं काही सोडायचं नाही. पवळीबाई शेवटपर्यंत कणसरीचीच राहिली. आणि शेवटपर्यंत दर वर्षी दाखवण्याआधी एक वाटा काढत राहिली; पुढं पुढं दोन, कारण एक माझ्या नावाचा असायचा. दिवाळीनंतर जयराम नाशकात आला की पिशवीत ती नागली असायची. माझी बायको तिची भाकरी थापायला शिकली, बऱ्याच मोडल्यावर.

ती गेली त्या वर्षी जयराम नागली घेऊन आला नाही, कागद घेऊन आला. दाण्यांत राहून राहून त्याच्या घड्या मऊ झाल्या होत्या. म्हणाला, “सर, तुमाला हा परत पायजे हुता. आता आये नाय, तुमी दुरुस्त करा.” मी टेबलावरचं लाल पेन उचललं. जयराम माझ्या हाताकडं बघत होता. नवाचे दहा करावेत असं फार मनात आलं. मग पेनाला टोपण घातलं आणि कागद त्याच्या हातात परत दिला, कारण नऊ माझे होते. दहावा त्याच्या आईनं केव्हाच देऊन टाकला होता.